आठवणींची पोथी होते तेव्हा

भुलाबाईची गाणी ज्या घरात म्हटली जातात, त्या घरात गाण्यांची एखादी जुनी वही असतेच. आमच्या नात्यात अशा दोन आहेत. एक दर्यापूरच्या काकूंची, दुसरी अकोटच्या मामींची. दोघींची पहिली भेट माझ्या बहिणीच्या लग्नात झाली, तोवर त्यांनी एकमेकींना पाहिलेलेही नव्हते. पाहुणे पांगल्यावर रात्री अंगणात सतरंजी टाकून त्यांनी आपापल्या वह्या ताडून पाहिल्या. बरीच गाणी सारखी होती, काहींत कडव्यांचा क्रम वेगळा होता. ते अपेक्षितच होते. पण एका गाण्यात दोन्ही वह्यांत एकच चूक निघाली. ‘पैंजण’ हवे तिथे ‘पैठण’ लिहिलेले. पायात घालायचा दागिना, आणि वहीत गावाचे नाव.

ऐकण्यात चूक झाली तर दर्यापूरला एक होईल, अकोटला दुसरी होईल. त्याच गाण्यात, त्याच जागी, तीच चूक दोन्हीकडे सापडली, म्हणजे कुठेतरी पाहून लिहिलेले आहे. मग आठवणी निघाल्या. अंजनगावच्या एका आजीबाईंची वही होती, तिच्यावरून दोन्ही माहेरांनी गाणी उतरवून घेतली होती. ती वही आज नाही, उधईने खाल्ली. तरी ती होती, तिच्यात साधारण कोणती गाणी होती आणि ‘पैठण’ तिच्यातच होते, एवढे आम्ही दोन वह्यांवरून खात्रीने सांगू शकतो.

हरवलेल्या वहीचा माग काढायची ही रीत धर्मग्रंथांच्या अभ्यासात गेली दोनशे वर्षे वापरात आहे. बायबलच्या उत्तरार्धात, म्हणजे नव्या करारात, येशू ख्रिस्तांची चार चरित्रे आहेत: मत्तय, मार्क, लूक आणि योहान यांच्या नावांची. मराठीत त्यांना शुभवर्तमान म्हणतात. ती कशी तयार झाली, लेखकांनी कोणत्या जुन्या वह्या उघडल्या, यहुद्यांच्या पवित्र शास्त्रातले काय घेतले, यावर जगभर ग्रंथालये भरतील इतके लिहिले गेले आहे. वऱ्हाडातल्या वाचकाला ते समजून घ्यायला लांब जावे लागत नाही. अमरावती जिल्ह्यात मोर्शी तालुक्यातल्या रिद्धपूरला हीच सारी प्रक्रिया मराठीत घडली, आणि तिथे ती कशी घडली हे आपल्याला अधिक जवळून पाहता येते.

रिद्धपूरचा प्रसंग

तेराव्या शतकात रिद्धपूरला गोविंदप्रभू, म्हणजे गुंडम राऊळ, राहत होते. भडोचकडचा हरिपाळदेव रामटेकच्या यात्रेला म्हणून निघाला आणि वाटेत रिद्धपूरला त्यांच्यापुढे येऊन उभा राहिला. त्या भेटीने त्याचे आयुष्य पालटले. हेच महानुभाव पंथाचे संस्थापक श्रीचक्रधर स्वामी. पुढे कितीतरी वर्षे ते एकटे फिरले, मग पैठणला आले, त्यांच्याभोवती शिष्य जमले. परंपरेप्रमाणे शके ११९४ च्या सुमारास, म्हणजे १२७२-७३ च्या आसपास, ते उत्तरेकडे निघून गेले.

गुरू दिसेनासे झाल्यावर मागे राहिलेल्यांजवळ आठवणी तेवढ्या उरल्या. शिष्य रिद्धपूरला गोविंदप्रभूंच्या सान्निध्यात येऊन राहिले. त्यांचे प्रमुख नागदेवाचार्य, ज्यांना भटोबास म्हणत, ते स्वामींच्या लीळा मनातल्या मनात आठवत बसत. लीळा म्हणजे स्वामींच्या आयुष्यातला एकेक प्रसंग. म्हाइंभट हे मोठे शास्त्री पंडित, वादविवादात गाजलेले, आणि आता याच पंथात आलेले. नागदेवाचार्य कशाचे चिंतन करतात हे त्यांनी विचारून घेतले आणि ते लिहून ठेवण्याची परवानगी मागितली. मग नागदेवाचार्यांनी स्वतःला ठाऊक असलेल्या लीळा सांगितल्या, आणि ज्या प्रसंगी आपण नव्हतो तिथे जो कोणी हजर होता त्याच्याकडे जायला सांगितले.

म्हाइंभट गेले. कुणी बाई, कुणी ब्राह्मण, कुणी गावकरी. ज्याने पाहिले त्याच्या तोंडून ऐकायचे, लिहायचे, परत येऊन नागदेवाचार्यांपुढे ठेवायचे आणि तपासून घ्यायचे. तेराव्या शतकाच्या अखेरच्या पंचवीस वर्षांत यातून ‘लीळाचरित्र’ उभे राहिले. मराठी गद्यातला हा पहिला मोठा ग्रंथ. पुढे गोविंदप्रभूंचे चरित्रही म्हाइंभटांनीच लिहिले.

लीळाचरित्र उघडले की आधी जाणवते ते त्याचे लहान लहान तुकड्यांत असणे. एकेक लीळा काही ओळींची. कोणत्या गावी, कुणाच्या घरी, कोण जवळ होते, कुणी काय विचारले, स्वामी काय म्हणाले. शिष्या बाइसा काय रांधत होत्या, महदाइसांनी कोणती शंका काढली. उत्तर मिळाले की लीळा संपते, पुढची दुसऱ्या गावात सुरू होते. कुणी एकटाकी कथा रचली असती तर तिला असे सांधे दिसले नसते. निरनिराळ्या माणसांकडून गोळा केलेल्या आठवणी जशा मिळाल्या तशा ओळीने लावल्या आहेत, हे ग्रंथाच्या घडणीतच दिसते.

मार्कचे शुभवर्तमान वाचताना मला तीच चाल जाणवली. आंधळ्याला दृष्टी दिली, पुढचा प्रसंग. सरोवरातले वादळ, पुढचा प्रसंग. जोडणारे शब्द अगदी मोजके: आणि, मग, लगेच. दुसऱ्या शतकातले पापियस नावाचे एक धर्माध्यक्ष सांगत की मार्क हा येशूंचा शिष्य पेत्र याचा दुभाषा होता. पेत्राच्या बोलण्यातले जे आठवले ते त्याने नीट लिहिले, पण घडले त्या क्रमाने लिहिले नाही. ही माहिती आपल्यापर्यंत चौथ्या शतकातल्या युसेबियसच्या इतिहासातून आली. मार्कने खरोखर पेत्राकडूनच ऐकले की नाही यावर अभ्यासकांत एकमत नाही. पण प्रसंग सुटे होते आणि त्यांचा क्रम नंतर लावला गेला, हे बहुतेकांना पटते.

लूक तर आपल्या ग्रंथाच्या आरंभी उघडच सांगतो की आपल्याआधी पुष्कळांनी हे काम हाती घेतले, प्रत्यक्ष पाहणाऱ्यांकडून ते चालत आले, आणि आपण सगळ्याची चौकशी करून ते व्यवस्थित लिहितो आहोत. शब्द वेगळे, पण मला ते म्हाइंभटांच्या वाटेवरचेच वाटतात. मोठा फरक काळाचा आहे. येशूंना इसवी सन ३० च्या सुमारास क्रूसावर दिले. मार्कचे लेखन ७० च्या आसपासचे, मत्तय आणि लूक त्यानंतर दहा-वीस वर्षांनी, योहान शतक संपता संपता. म्हाइंभट गेले तेव्हा पाहणारी माणसे गावोगावी हयात होती. मार्कच्या वेळी बरीचशी गेली होती.

ज्याच्याजवळ कोणीच नव्हते तो प्रसंग

लीळाचरित्राचे तीन भाग आहेत: एकांक, पूर्वार्ध आणि उत्तरार्ध. एकांकात स्वामी एकटे फिरत होते त्या काळाच्या लीळा आहेत. त्यांत एक लीळा सशाची आहे. शिकाऱ्यांनी पाठलाग केलेला ससा येऊन स्वामींच्या मांडीखाली शिरला आणि स्वामींनी त्याला वाचवले. पण शिष्य तर त्या काळी नव्हतेच. मग हे सांगितले कुणी?

परंपरेचे उत्तर सरळ आहे. स्वामींनी स्वतःच पुढे शिष्यांना हे प्रसंग सांगितले. म्हणजे एकांकातल्या लीळा पाहणाऱ्याच्या नाहीत, ऐकणाऱ्याच्या आहेत. त्यांचा उगम वेगळा आहे. म्हाइंभटांनी त्यांचा भागच वेगळा केला, याचे मला फार मोल वाटते.

शुभवर्तमानांतही अशी एक जागा आहे. अटकेच्या रात्री गेथशेमाने नावाच्या बागेत येशू शिष्यांपासून थोडे पुढे जाऊन प्रार्थना करतात. शिष्य तेवढ्यात झोपी जातात. प्रार्थनेचे शब्द मात्र आपल्याला वाचायला मिळतात. लगेच अटक झाली, दुसऱ्या दिवशी मृत्यू. नंतर निवांत बसून सांगायला वेळ कुठला? श्रद्धावान वाचक याचे उत्तर आपल्या श्रद्धेने देतात. अभ्यासक म्हणतात की पहिल्या ख्रिस्ती मंडळींना येशूंची प्रार्थना कशी असे हे ठाऊक होते, आणि दुःखात देवाला हाक कशी मारायची हे त्यांना त्यांच्या स्तोत्रांनी शिकवले होते. त्या दोन्हींतून ही जागा भरली गेली. ही स्तोत्रे म्हणजे यहुदी शास्त्रातलीच. त्याकडे येतोच, पण आधी वह्यांचे कोडे पुरे करू.

तीन वह्या आणि एक हरवलेली वही

बायबलमध्ये प्रत्येक अध्यायाच्या छोट्या क्रमांकित तुकड्याला वचन म्हणतात. मार्कमध्ये अशी साधारण ६६० वचने आहेत. त्यांतली ६०० च्या आसपास कुठल्या ना कुठल्या रूपात मत्तयमध्ये सापडतात, आणि जवळपास निम्मी लूकमध्ये. कितीतरी ठिकाणी शब्द न् शब्द जुळतो. येशू अरामी भाषेत बोलत, शुभवर्तमाने ग्रीकमध्ये आहेत. तिघांनी स्वतंत्रपणे भाषांतर केले असते तर इतके शब्द जुळले नसते.

आणि आमच्या ‘पैठण’सारखी एक खूणही आहे. येशूंच्या एका लांब भाषणाच्या मध्येच मार्कने वाचणाऱ्याला उद्देशून एक छोटी सूचना घातली आहे, की इथे नीट समजून घ्या. बोलणारा माणूस समोरच्या श्रोत्यांना ‘वाचणारा’ म्हणणार नाही. ती लेखणीची सूचना आहे. मत्तयच्या शुभवर्तमानात त्याच भाषणात, त्याच जागी, तीच सूचना आहे. मत्तयच्या पुढ्यात मार्कची लिहिलेली प्रत होती, असे मानायला ही एक जागाही मला पुरेशी वाटते.

पण मत्तय आणि लूक नुसती नक्कल करीत नव्हते. वादळाच्या प्रसंगी येशू होडीत झोपले होते, हे तिघेही सांगतात. उशीवर डोके ठेवून झोपले होते हे फक्त मार्क सांगतो. पाच हजार लोकांना जेवू घातले तेव्हा ते हिरव्या गवतावर बसले होते. मत्तयने गवत ठेवले, हिरवा रंग काढला, लूकने गवतही काढले. मार्क लहान मुलीला उठवतानाचे येशूंचे शब्द मूळ अरामीत देतो, ‘तलीथा कूम’, आणि मग त्याचा अर्थ सांगतो. इतर दोघांनी ते अरामी शब्द गाळले. जसजसे हात बदलले तसतशी उशी, गवत, बोलीतला शब्द असे बारीक तपशील गळत गेले आणि शिकवणीचा भाग वाढत गेला.

आता उरले ते मत्तय आणि लूक दोघांत आहे, पण मार्कमध्ये नाही. अशी दोनशेहून अधिक वचने निघतात आणि ती बहुतेक सारी येशूंची बोलणी आहेत: शत्रूवर प्रेम करा, आकाशातली पाखरे पाहा, प्रभूची प्रार्थना. यावरून जर्मन अभ्यासकांनी तर्क बांधला की वचनांची, म्हणजे येशूंच्या बोलांची, एक वेगळी वही असली पाहिजे, जी दोघांनी वापरली आणि जी पुढे हरवली. तिला ते ‘क्यू’ म्हणतात. उगम या अर्थाच्या ‘क्वेल’ या जर्मन शब्दाचे ते पहिले अक्षर. अशी वही मानण्याची गरज नाही, लूकने मत्तयच वाचला होता, असे म्हणणारे अभ्यासकही आहेत. माझा कल वहीकडे आहे, आणि त्याचे कारण रिद्धपूरला सापडते.

लीळाचरित्रातून पुढे केसोबासांनी, म्हणजे केशिराजबासांनी, स्वामींची वचने वेचली आणि विषयवार लावली. हा ‘सूत्रपाठ’. त्यात कोणत्या गावी, कोणापुढे हे जवळपास नाही, फक्त वचने. त्यांनीच स्वामींनी दिलेले दृष्टान्त वेगळे काढून ‘दृष्टान्तपाठ’ केला. हत्ती आणि आंधळ्यांची गोष्ट त्यातही आहे. म्हणजे एकाच गुरूविषयी आधी प्रसंगांची पोथी झाली, आणि एका पिढीच्या आत वचनांची व दृष्टान्तांची वेगळी पोथी झाली. शिकवायला, पाठ करायला वचने वेगळी असलेली बरी पडतात. ज्या मंडळींना येशूंची शिकवण पाठ करायची होती त्यांनी तसेच केले असेल, यात नवल वाटण्याजोगे काही नाही.

तशी एक पोथी पुढे सापडलीही. १९४५ साली इजिप्तमध्ये नाग हम्मादीजवळ जमिनीत पुरलेल्या मडक्यात काही जुने ग्रंथ मिळाले, त्यांत ‘थॉमसचे शुभवर्तमान’ संपूर्ण होते. त्यात ना जन्मकथा, ना क्रूस. ओळीने नुसती येशूंची वचने. हे ‘क्यू’ नव्हे, पण असा साचा त्या काळी चालत होता याचा तो पुरावा आहे. त्यात ११४ वचने आहेत. केसोबासांच्या दृष्टान्तपाठातले दृष्टान्तही ११४ आहेत. हा निव्वळ योगायोग आहे, पण पहिल्यांदा ध्यानात आले तेव्हा मी कितीतरी वेळ ते दोन आकडे पाहत बसलो होतो.

---

चौकट: चार शब्द

*यहुदी शास्त्र:* यहुद्यांचा हिब्रू धर्मग्रंथ. ख्रिस्ती लोक त्याला जुना करार म्हणतात. त्यात मोशेचे नियमशास्त्र, संदेष्ट्यांचे ग्रंथ आणि स्तोत्रे येतात.

*संदेष्टा:* देवाचा निरोप लोकांना सांगणारा. यशया, होशेय, जखऱ्या ही त्यांतली काही नावे.

*सप्तती:* यहुदी शास्त्राचे ग्रीक भाषांतर. इजिप्तमधल्या अलेक्झांड्रियात इसवी सनापूर्वी तिसऱ्या शतकात सुरू झाले. शुभवर्तमानकार बहुतेक वेळा हेच वापरतात.

*वासना:* महानुभाव परंपरेत पाठभेदाला वापरतात तो शब्द. एकच लीळा कुणी कशी सांगितली, त्यातला फरक.

---

जुन्या शास्त्राच्या आरशात

रिद्धपूरला गोविंदप्रभूंना एकदा आपले लग्न लावून घ्यायची लहर आली. शिष्यांनी ती लीळा म्हणून मनोभावे साजरी केली. हळद, मांडव, सगळे. लग्नात गाणी हवीत, म्हणून महदाइसांना गायला सांगितले. त्यांनी जे गायले ते ‘धवळे’ म्हणून आजही आहे, आणि महदाइसांना मराठीतली पहिली कवयित्री मानतात. पण त्यांनी गायले कुणाचे लग्न? समोर गोविंदप्रभू बसले आहेत, आणि गाण्यात श्रीकृष्ण रुक्मिणीला घेऊन जात आहेत.

ही रुक्मिणी विदर्भाची. तिचे कौंडिण्यपूर याच अमरावती जिल्ह्यात, वर्धेच्या काठी. कथा भागवताच्या दशमस्कंधातली. महदाइसांनी नवी कथा रचली नाही, जुनी उचलली. कारण त्यांच्या श्रद्धेने श्रीकृष्ण आणि गोविंदप्रभू हे एकाच परमेश्वराचे अवतार. महानुभाव पंथ श्रीकृष्ण, दत्तात्रेय, चक्रपाणी, गोविंदप्रभू आणि चक्रधर असे पाच अवतार मानतो. म्हणून समोरच्या माणसाला पाहताना भागवत आठवते, आणि भागवत ऐकताना समोरचा माणूस दिसतो. ‘लीळा’ हा शब्दच मुळात कृष्णचरित्राच्या परंपरेतला आहे. पुढच्या पिढ्यांतले पंथाचे कवीही याच वाटेने गेले. नरेंद्रांनी रुक्मिणीस्वयंवर लिहिले, भास्करभट्ट बोरीकरांनी शिशुपालवध लिहिला. बाळापूरचे, म्हणजे आजच्या अकोला जिल्ह्यातले, विश्वनाथ बाळापूरकर यांनी ‘ज्ञानप्रबोध’ रचला तो गीतेच्या तेराव्या अध्यायातल्या ज्ञानाच्या लक्षणांवर.

शुभवर्तमानकारांनी यहुदी शास्त्र का आणि कसे वापरले, हे मला महदाइसांमुळे उमगले. येशू यहुदी होते, त्यांचे पहिले अनुयायी यहुदी होते. लहानपणापासून दर शब्बाथाला, म्हणजे आठवड्याच्या विसाव्याच्या दिवशी, सभास्थानात ऐकलेले शास्त्र हीच त्यांची भाषा होती. ज्याच्यावर विश्वास ठेवला तो गुन्हेगारासारखा क्रूसावर मेला, हे त्यांना समजून घ्यायचे होते. त्यासाठी त्यांच्याजवळ तेच शास्त्र होते.

ते वापरण्याच्या तऱ्हा मात्र एकसारख्या नाहीत. कधी उघड दाखला दिलेला असतो: संदेष्ट्याने म्हटले होते ते पूर्ण व्हावे म्हणून असे घडले. ही मत्तयची सवय. कधी नाव न घेता जुना साचा वापरलेला असतो. शमुवेल संदेष्ट्याची आई हन्ना हिने मूल झाल्यावर देवाचे गीत गायले होते. लूकने येशूंची आई मरिया हिच्या तोंडी घातलेले गीत त्याच वळणाचे आहे, बलवंतांना खाली आणणारा आणि दीनांना वर उचलणारा देव दोन्हींत आहे. अलीशा संदेष्ट्याने थोड्या भाकरींत शंभर माणसे जेववली आणि उरलेही, अशी कथा राजांच्या दुसऱ्या ग्रंथात आहे. येशू पाच हजारांना जेववतात ती कथा त्याच सांगाड्यावर उभी आहे. मत्तयच्या शुभवर्तमानात राजा लहान मुलांना मारतो, एक मूल वाचते, मोठे होऊन डोंगरावर चढते आणि लोकांना नियम सांगते. मोशेची कथा ज्याने ऐकली आहे त्याला वेगळे सांगावे लागत नाही.

कधी जुन्या वाक्याचा अर्थच फिरतो. होशेयच्या ग्रंथात देव म्हणतो की मी माझ्या पुत्राला मिसरातून, म्हणजे इजिप्तमधून, बोलावले. तिथे पुत्र म्हणजे इस्राएल लोक आणि गोष्ट होऊन गेलेली आहे. मत्तय तेच वाक्य बाळ येशू मिसरातून परत आले त्या प्रसंगाला लावतो. यशयाने आहाज राजाला खूण म्हणून सांगितले होते की एका तरुणीला मुलगा होईल. हिब्रूत शब्द आहे ‘अल्मा’, म्हणजे तरुण स्त्री. सप्ततीच्या भाषांतरकारांनी तिथे ‘पार्थेनोस’ घातला, त्याचा अर्थ कुमारी. मत्तयपुढे ग्रीक होते. यहुदी वाचक या वाक्यात आहाजच्या काळातले मूल पाहतात, ख्रिस्ती वाचक येशूंना पाहतात. आपल्या कोकणातले बेने इस्राएल आणि त्यांच्याच शेजारचे ख्रिस्ती एकच पान उघडतील आणि दोन अर्थ लावतील. दोन्ही वाचनांमागे दोन हजार वर्षांची निष्ठा आहे, आणि मत्तयच्या वाचनामुळे यशयाचे आपले स्वतःचे म्हणणे नाहीसे होत नाही, हे नीट सांगायला हवे असे मला वाटते.

एक गाढव की दोन?

या साऱ्या उदाहरणांत सर्वांत बोलके आहे ते येशूंच्या यरुशलेमेतल्या प्रवेशाचे. जखऱ्या संदेष्ट्याने म्हटले होते की तुझा राजा नम्रपणे गाढवावर, गाढवीच्या शिंगरावर बसून येतो आहे. हिब्रू कवितेत एकच गोष्ट दोनदा म्हणायची रीत आहे. आपणही ‘पाऊसपाणी कसे आहे’ विचारतो तेव्हा दोन वेगळ्या गोष्टी विचारत नाही. जखऱ्याच्या मनात जनावर एकच होते.

मार्क आणि लूक यांच्याकडे शिष्य एक शिंगरू आणतात. मत्तयकडे मात्र गाढवी आणि शिंगरू अशी दोन जनावरे येतात, आणि दोन्हींवर वस्त्रे घातली जातात. मत्तयने मार्कची प्रत पुढ्यात ठेवली होती, तिच्यात एकच होते. दुसरे आले ते शास्त्राच्या ओळीतून. मत्तयला हिब्रू कवितेची रीत कळली नाही, असे काही म्हणतात. त्याला ती चांगली कळत होती, पण शास्त्रातला एकही शब्द वाया जाऊ द्यायचा नाही म्हणून त्याने दोन्ही ठेवले, असे इतर म्हणतात. मला दुसरे पटते. ज्याला शास्त्राचे एवढे वेड होते, तो कवितेची रीत विसरणार नाही.

इथे एक अवघड प्रश्न उभा राहतो. क्रूसाच्या वर्णनात शिपाई येशूंची वस्त्रे चिठ्ठ्या टाकून वाटून घेतात, जाणारे येणारे माना हलवून टोमणे मारतात, आणि येशू देवाला विचारतात की मला का सोडलेस. हे सारे बाविसाव्या स्तोत्रात आहे. मग घडले म्हणून स्तोत्र आठवले, की स्तोत्र होते म्हणून तसे लिहिले गेले? काही अभ्यासक पहिले मानतात, काही दुसरे. मला वाटते प्रत्येक तपशिलाला उत्तर वेगळे असेल. रिद्धपूरचे लग्न खरोखर साजरे झाले होते, आणि त्याचे शब्द भागवताचे होते. जवळच्या माणसाची आठवण सांगायला लागलो की आपल्याला आधीपासून पाठ असलेले शब्दच ओठांवर येतात.

मराठीत या गोष्टीचे एक मोठे उदाहरण गोव्याला झाले. फादर थॉमस स्टीफन्स यांनी १६१६ साली छापलेले ‘क्रिस्तपुराण’ दोन भागांत आहे. पहिले पुराण यहुदी शास्त्राच्या कथांचे, दुसरे येशूंच्या चरित्राचे. दुसऱ्याकडे जायला पहिल्यातूनच वाट, हा शुभवर्तमानांचाच नकाशा, तो ओवीत मांडलेला.

पोथी हरवली तेव्हा

चौदाव्या शतकाच्या आरंभी दक्षिणेत उत्तरेच्या फौजा आल्या, देवगिरीचे राज्य खिळखिळे झाले. महानुभाव ग्रंथांत या धामधुमीला खालशाची धाड म्हणतात. या पळापळीत लीळाचरित्राची मूळ पोथी हातची गेली. मग ज्यांना ती पाठ होती त्यांच्याकडून पुन्हा लिहून घेण्यात आली. त्यांत हिराइसा या बाईंचे नाव मानाने घेतले जाते. रामेश्वरबास, परशरामबास यांचेही पाठ होते. पाठ करणारे वेगळे, म्हणून लीळाही कुठे कुठे वेगळ्या उतरल्या.

यांतला एकच निवडून बाकीचे टाकून देता आले असते. पंथाने तसे केले नाही. हस्तलिखितांत मजकुराच्या ओघात मध्येच नाव येते, हिराइसा असे म्हणतात, रामेश्वरबास असे म्हणतात, आणि मग त्यांचा पाठ येतो. पुढे हे ग्रंथ सकळ नावाच्या सांकेतिक लिपीत लिहिले जाऊ लागले आणि काही शतके मठांबाहेरच्या मराठी माणसाला वाचताच आले नाहीत. विसाव्या शतकाच्या आरंभी लिपीची किल्ली बाहेरच्या अभ्यासकांच्या हाती आली. यवतमाळचे य. खु. देशपांडे, नागपूरचे ह. ना. नेने, बुलढाणा जिल्ह्यातल्या नरवेलचे वि. भि. कोलते आणि शं. गो. तुळपुळे यांनी पोथ्या ताडून आवृत्त्या काढल्या. त्यांना हे करता आले, कारण पोथ्यांनी मतभेद पुसून टाकले नव्हते.

ख्रिस्ती जगात मात्र एकच पोथी करण्याचा प्रयत्न झाला. दुसऱ्या शतकात, १७० च्या सुमारास, तातियन या विद्वानाने चारही शुभवर्तमाने कापून, जोडून, एक सलग चरित्र केले. सिरियातल्या मंडळ्यांत ते पाचव्या शतकापर्यंत वाचले जाई. शेवटी ते मागे पडले आणि चार वेगळी शुभवर्तमाने राहिली, एकात उशी आणि दुसऱ्यात दोन गाढवे अशी. तातियनचे पुस्तक टिकले असते आणि चार गेली असती, तर कोणी कुणाचे पाहून लिहिले हे आज कळायला मार्ग उरला नसता.

केसोबासांची एक हकीकत ‘स्मृतिस्थळ’ या ग्रंथात आहे. हा नागदेवाचार्यांच्या काळातल्या आठवणींचा ग्रंथ. केसोबास संस्कृतचे जाणकार, त्यांना संस्कृतात लिहायचे होते. नागदेवाचार्यांनी त्यांना थांबवले. संस्कृतात लिहिलेस तर माझ्या म्हाताऱ्या बाया त्याला मुकतील, अशा अर्थाचे ते बोलले. आज रिद्धपूरला मराठी भाषा विद्यापीठ उभे राहिले आहे, तेव्हा या हकीकतीची आठवण पुष्कळजण काढतात. मला ती काढताना हिराइसांची आठवण येते. पोथी मराठीत होती म्हणून ती बाईमाणसांना पाठ करता आली, आणि कागद गेला तेव्हा त्यांच्यापैकीच एकीने ती बसून सांगितली.

लग्नाच्या त्या रात्री काकूंनी पेन्सिल घेतली होती, ‘पैठण’ खोडून ‘पैंजण’ लिहायला. मामी म्हणाल्या, खोडू नका, बाजूला लिहा. काकूंच्या वहीत आता दोन्ही शब्द आहेत.